‘हेडात बसत नाही’: महाराष्ट्रातल्या ग्रामविकास आराखड्यामागचा इतिहास

ऑक्टोबर उजाडला की गावोगावच्या ग्रामसभांत पुढच्या वर्षाचा आराखडा मांडला जातो. अशाच एका सभेत मी बसलो होतो. कामांची यादी वाचून संपली, तशी मागच्या बाजूला बसलेली एक बाई उठली. ‘‘स्मशानाच्या वाटेवरच्या ओढ्यावर फरशी पूल पाहिजे म्हणून तीन वर्षं सांगतोय, तो कुठंय?’’ उत्तर आलं, ‘‘मावशी, ते काम या हेडात बसत नाही.’’

गावाची गरज सरकारी लेखाशीर्षात, म्हणजे खर्चाच्या ठरलेल्या ‘हेडात’, बसवण्याची ही धडपड सत्तर वर्षांहून जुनी आहे.

1948 मध्ये उत्तर प्रदेशातल्या इटावा जिल्ह्यात अल्बर्ट मेयर या अमेरिकी नगररचनाकाराच्या पुढाकाराने एक पथदर्शी प्रकल्प सुरू झाला. गावात वावरणाऱ्या एकाच कार्यकर्त्याने बियाण्यापासून प्रौढशिक्षणापर्यंत सगळं गावकऱ्यांच्या साथीने करायचं, असा तो विचार होता. पुढे 2 ऑक्टोबर 1952 रोजी देशात 55 सामुदायिक विकास प्रकल्प सुरू झाले. एका प्रकल्पात साधारण 300 गावं आणि 2 लाख माणसं. आपला विकासगट (ब्लॉक), गटविकास अधिकारी, ग्रामसेवक ही सगळी रचना त्या काळातली. विचार लोकसहभागाचा होता, पण शोषखड्डे किती आणि विहिरी किती याचे आकडे वरून ठरून यायचे. पाच वर्षांत उत्साह ओसरला. 1957 मध्ये बलवंतराय मेहता समितीने सांगितलं की लोकांनी निवडलेल्या संस्थांच्या हाती कारभार दिल्याशिवाय हे काम लोकांचं होणार नाही. त्या समितीचा भर गटपातळीवरच्या पंचायत समितीवर होता.

महाराष्ट्राने मात्र जिल्हा निवडला. वसंतराव नाईक समितीने 1961 मध्ये मांडलं की इंजिनियर, कृषी आणि आरोग्याचे तज्ज्ञ, पैसा हे सगळं पेलण्याची ताकद जिल्ह्यातच आहे. 1 मे 1962 रोजी जिल्हा परिषदा अस्तित्वात आल्या, आणि जिल्हाधिकाऱ्याला त्यांच्याबाहेर ठेवण्यात आलं. त्या काळाच्या मानाने हे मोठं धाडस होतं, आणि त्यातून ग्रामीण नेतृत्वाची एक पिढी उभी राहिली. पण माझ्या मते याच निवडीने ग्रामपंचायत कायमची धाकटी राहिली. शाळाखोल्या, रस्ते, दवाखाने यांचा निर्णय जिल्ह्याच्या ठिकाणी व्हायचा, आणि गावाने ठराव करून वाट बघायची.

या सगळ्याला छेद देणारी एक गोष्ट महाराष्ट्रातच घडली. विधान परिषदेचे तेव्हाचे सभापती वि. स. पागे यांनी 1965 च्या सुमारास सांगली जिल्ह्यातल्या तासगाव तालुक्यात, विसापूरच्या परिसरात एक प्रयोग करून पाहिला. मागेल त्याला काम द्यायचं, आणि ते काम शेताच्या, पाण्याच्या उपयोगाचं असायला हवं. मग 1972 चा दुष्काळ आला. ज्यांनी तो पाहिला त्यांना आजही लाल मिलो (परदेशातून आलेली ज्वारी), सुकडी (मजुरांना मिळणारा कोरडा पोषक खाऊ) आणि उन्हात खडी फोडणाऱ्या बाया आठवतात. 1973 च्या उन्हाळ्यात राज्यातल्या दुष्काळी कामांवर सुमारे 50 लाख माणसं होती. एवढ्या हातांना पुरेल इतकं काम कागदावर तयारच नव्हतं, म्हणून दगड फोडून ढीग रचले गेले.

रोजगार हमीचा कायदा 1977 मध्ये झाला आणि 26 जानेवारी 1979 पासून लागू झाला. त्यातली खरी मेख नियोजनाची होती. मागणी आल्यावर पंधरा दिवसांत काम द्यायचं, म्हणजे नालाबांध, पाझर तलाव, रस्ते यांची मंजूर कामं आधीच ‘शेल्फवर’ तयार हवीत. वरून लक्ष्यांक येण्याऐवजी खालून मजूर मागणी करणार, आणि तिच्या जोरावर तहसीलदाराला काम उघडावं लागणार. पैसाही मुंबई-पुण्याच्या नोकरदारांच्या पगारातून. 1975 पासून पगारपत्रकावर दिसणारा व्यवसाय कर त्यासाठीच बसवला होता. शहराने खेड्याच्या हमीसाठी दरमहा पैसे मोजावेत, हे आपल्या राज्याने करून दाखवलं, आणि मला त्याचं फार मोल वाटतं. 2005 चा केंद्राचा रोजगार हमी कायदा याच पायावर उभा राहिला.

व्यवहारात शेल्फही तालुक्यातच भरायचं. खोदलेल्या खड्ड्यात मापासाठी मातीचा एक खुंट तसाच ठेवतात. त्याच्या उंचीवरून किती माती निघाली ते कळतं आणि आठवड्याची मजुरी ठरते. तो खुंट राखायचा मजुरांनी, पण खड्डा कुठल्या शिवारात घ्यायचा हे त्यांना कोणी विचारत नसे.

जिथे विचारलं गेलं तिथे फरक दिसला. नगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यातल्या हिवरे बाजारने 1990 नंतर रोजगार हमी आणि आदर्श गाव योजनेचेच पैसे वापरून चर खोदले, बांध घातले. वेगळेपण पुढच्या पायरीत आहे. पाऊस मोजून गाव पाण्याचा ताळेबंद मांडतं आणि कोणती पिकं घ्यायची ते ग्रामसभा ठरवते. शेतीला बोअरचं पाणी नाही, ऊस नाही. तिथे आराखड्याने माणसांच्या वागण्यालाही हात घातला.

पंचायतींना घटनेत स्थान देणारी 73 वी घटनादुरुस्ती 24 एप्रिल 1993 ला लागू झाली आणि 29 विषय पंचायतींच्या नावे लिहिले गेले. जिल्हा नियोजन समितीचाही कायदा झाला, पण अध्यक्षपद पालकमंत्र्यांकडे राहिलं. पैसा थेट गावात पोचला तो 14 व्या वित्त आयोगापासून, म्हणजे केंद्राचा पैसा राज्यांना आणि स्थानिक संस्थांना कसा वाटायचा ते सुचवणाऱ्या आयोगापासून. 2015 ते 2020 या पाच वर्षांसाठी देशातल्या ग्रामपंचायतींना 2 लाख कोटींहून अधिक रुपये, आणि त्यासाठी प्रत्येक गावाचा स्वतःचा आराखडा. महाराष्ट्रात तो ‘आमचं गाव, आमचा विकास’ या नावाने सुरू झाला. शिवारफेरी, नकाशा, महिला सभा, मग ग्रामसभा, असा क्रम ठरला.

त्यानंतर 15 व्या आयोगाने 2021 ते 2026 या काळासाठी यातला 60 टक्के निधी पाणी आणि स्वच्छतेला बांधून दिला. उरलेला 40 टक्के तेवढा अबंधित, म्हणजे गावाला आपल्या गरजेप्रमाणे वापरता येणारा. पाणी आणि स्वच्छता महत्त्वाची नाही असं कोण म्हणेल? पण ज्या गावात नळाला पाणी आहे आणि ओढ्यावर पूल नाही, त्या गावालाही हाच हिशेब लागू झाला. स्मशानाच्या वाटेवरचा तो फरशी पूल या 40 टक्क्यांत अंगणवाडीची दुरुस्ती, दिवाबत्ती आणि गटारावरच्या फरश्यांच्या रांगेत उभा राहिला.