क्लॅन्सी ब्रदर्स आणि टॉमी मेकम

क्लॅन्सी ब्रदर्स म्हणजे आयर्लंडच्या टिपरेरी काउंटीतल्या कॅरिक-ऑन-शूर गावचे सख्खे भाऊ, पॅडी, टॉम, लियाम आणि अधूनमधून बॉबी, आणि त्यांच्यासोबत उत्तरेकडच्या अर्मा काउंटीतला टॉमी मेकम. आयरिश लोकगीतं अमेरिकेत घरोघरी पोचवली ती या मंडळींनी, साधारण १९५६ ते १९६९ या काळात.

गंमत म्हणजे यातल्या मोठ्या दोघांना गायक व्हायचंच नव्हतं. पॅडी आणि टॉम दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश हवाई दलात होते, युद्ध संपल्यावर आधी कॅनडा आणि मग न्यूयॉर्क असं करत तिथल्या ग्रीनिच व्हिलेज या कलाकारांच्या वस्तीत आले ते नाटकात कामं करायला. चेरी लेन थिएटर चालवायला घेतलं पण भाडं काही निघेना, म्हणून नाटक संपल्यावर मध्यरात्री गाण्याचे कार्यक्रम लावले, आणि त्यालाच जास्त गर्दी व्हायला लागली.

इकडे १९५५ मध्ये डायान हॅमिल्टन नावाची अमेरिकन बाई लोकगीतं रेकॉर्ड करत आयर्लंडभर फिरत होती. ती क्लॅन्सींच्या घरी आली आणि पुढच्या प्रवासात धाकट्या लियामला सोबत घेऊन गेली, अर्मातल्या कीडी गावी, सारा मेकमकडे. सारा तागाच्या, म्हणजे लिननच्या गिरणीत काम केलेली बाई, शेकडो गाणी तोंडपाठ, सगळी घरात ऐकून ऐकून शिकलेली. तिथेच लियामची आणि तिच्या मुलाची, टॉमीची, ओळख झाली आणि पुढच्या काही महिन्यांत दोघंही अमेरिकेला गेले. या ग्रुपच्या गाण्यांचा मोठा साठा त्या माउलीकडून आलाय, त्यामुळे नावात फक्त भाऊ असले तरी हे खरं तर दोन घरांचं गाणं आहे असं मला वाटतं.

टॉमी न्यू हॅम्पशायरमध्ये कारखान्यात लागला, तिथे मशीनमध्ये हात सापडून जखमी झाला आणि काम सुटलं, मग तो न्यूयॉर्कला आला. १९५६ मध्ये पॅडीने ट्रॅडिशन रेकॉर्ड्स ही कंपनी काढली आणि त्यांचा पहिला अल्बम, सगळी बंडाची गाणी, त्याच कंपनीने आणला. दुसरा १९५९ मध्ये आला, तो पिण्याच्या गाण्यांचा.

त्यांनी नक्की वेगळं काय केलं? तोपर्यंत अमेरिकेत आयरिश गाणं म्हटलं की आई, हिरवी कुरणं, मायदेशाची आठवण असली गोडगोड गाणी, आणि त्यातली बरीचशी अमेरिकेतच लिहिलेली. खुद्द आयर्लंडमधली जुनी पद्धत याच्या दुसऱ्या टोकाला, म्हणजे एकट्याने, साथीशिवाय, डोळे मिटून संथ गायचं. या चौघांनी लियामची गिटार, पॅडीचा माउथऑर्गन, टॉमीचा लांब मानेचा बँजो आणि टिनची शिट्टी, म्हणजे छोटी बासरीच, घेतली, लय वाढवली आणि धृपद आलं की सगळ्यांनी मिळून खच्चून म्हणायचं, आणि नट असल्यामुळे दोन गाण्यांच्या मध्ये किस्से, कविता हे सगळं आलंच. मूळ गाण्यातली बारीक वळणं यात हरवतात अशी जुन्या पद्धतीच्या जाणकारांची तक्रार असायची आणि ती अगदीच चूक नाही, पण लियाम एकटा एखादं संथ गाणं घ्यायचा तेव्हा ती वळणं जिवंत असायची. ग्रीनिच व्हिलेजमध्ये त्यांना ऐकत बसणाऱ्या पोरांमध्ये बॉब डिलनही होता आणि लियामचं कौतुक त्याने पुढे जाहीरपणे केलंय.

स्वेटरची गोष्ट सांगायलाच हवी. न्यूयॉर्कची थंडी कडाक्याची असते असं क्लॅन्सींच्या आईच्या वाचनात आलं, तिने पोरांसाठी अॅरन बेटांकडचे पांढरट, जाड लोकरीचे, वेण्या विणलेले स्वेटर पाठवून दिले. मॅनेजर मार्टी अर्लिकमनने ते बघितले आणि म्हणाला हेच घालून स्टेजवर जा. दिव्यांच्या उजेडात त्या लोकरीत घामाच्या धारा लागायच्या पण ओळख पक्की झाली, आणि त्या स्वेटरांना अमेरिकेत केवढी मागणी आली.

१२ मार्च १९६१ ला एड सलिव्हनच्या टीव्ही शोमध्ये त्यांना थोडाच वेळ मिळणार होता, पण दुसरा एक पाहुणा आलाच नाही आणि हे जवळपास १६ मिनिटं गात राहिले, तेही सेंट पॅट्रिक डे या आयरिश लोकांच्या मोठ्या सणाच्या आठवड्यात! मग कोलंबिया या रेकॉर्ड कंपनीचा करार, १९६२ मध्ये न्यूयॉर्कच्या नामांकित कार्नेगी हॉलमध्ये कार्यक्रम, १९६३ मध्ये राष्ट्राध्यक्ष केनेडींसमोर गाणं, सगळं भराभर झालं.

पण माझ्या मते खरी गोष्ट याच्यापुढची आहे. पिकतं तिथे विकत नाही म्हणतात तसंच आयर्लंडमध्ये होतं, ही गाणी म्हणजे खेड्यातली, गरिबीची, शहरात म्हणायला लाज वाटावी अशी. रेडिओवाल्या कीरन मॅक माहूनाने अमेरिकेतून त्यांच्या रेकॉर्ड्स नेऊन वाजवल्या, मग त्यांचा स्वतःचा दौरा झाला, आणि तीच गाणी पबमध्ये तरुण मुलं गिटार घेऊन गायला लागली. डब्लिनर्ससारखे ग्रुप याच लाटेतले.

मेकम १९६९ मध्ये बाहेर पडला, काही वर्षांनी लियामही, आणि १९७५ ते १९८८ हे दोघं जोडीने गायले. भावांसोबत पुढे भाचा रॉबी ओ'कॉनेल आला. जुने चौघं १९८४ मध्ये न्यूयॉर्कच्या लिंकन सेंटरमध्ये पुन्हा एकत्र गायले. टॉम १९९० मध्ये गेला, पॅडी १९९८, बॉबी २००२, मेकम २००७ मध्ये. लियाम सगळ्यात शेवटी, डिसेंबर २००९ मध्ये गेला. शेवटची बरीच वर्षं तो वॉटरफर्ड काउंटीतल्या रिंग या गावी राहिला, जिथे लोक अजून आयरिश भाषा बोलतात, आणि तिथेच त्याने स्वतःचा रेकॉर्डिंग स्टुडिओ बांधला होता.