मागे बसलेल्याचा क्लेम कापता येतो का? काँट्रिब्युटरी आणि कंपोझिट निग्लिजन्स

कापसाच्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात राळेगाव, घाटंजी, वणीकडच्या रस्त्यांवर अंधार पडला की जिनिंग कारखान्याच्या गेटापासून लागलेली ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची रांग डांबरावर येते. ट्रॉलीला मागचा दिवा नसतो, रिफ्लेक्टर असलाच तर त्यावर चिखलाचा थर, आणि दोन्ही बाजूंनी कापूस बाहेर आलेला. समजा, अशा उभ्या ट्रॉलीवर एक मोटरसायकल मागून आदळली. पुतण्या चालवत होता, काकू मागे बसली होती. दोघांचेही पाय मोडले. गुन्हा पुतण्यावर नोंदवला गेला आणि घरात सगळ्यांच्या तोंडी एकच गोष्ट: "आपल्याच पोराची चूक निघाली, आता क्लेम कायचा भेटते?"

इथे एकच अपघात आहे, पण क्लेम दोन आहेत आणि त्यांचे कायदे वेगळे चालतात. ही सरमिसळ झाली की नुकसान बहुतेक वेळा मागे बसलेल्या बाईचे होते, म्हणून हे नीट समजून घेणे फार गरजेचे आहे.

पुतण्याच्या क्लेममध्ये प्रश्न येतो काँट्रिब्युटरी निग्लिजन्सचा, म्हणजे जखमी माणसाच्या स्वतःच्या हयगयीचा. ट्रॉली दिव्याविना रस्त्यात उभी करणे ही ट्रॅक्टरवाल्याची चूक आहेच. वाहन धोकादायक स्थितीत सोडायला मोटार वाहन कायद्याच्या कलम १२२ ने मनाई आहे. पण पुतण्याही वेगात होता असे न्यायाधिकरणाला (अपघाताच्या भरपाईचे क्लेम चालवणाऱ्या न्यायालयाला) दिसले, तर दोष वाटला जातो. त्याचे नुकसान १० लाखांचे ठरले आणि त्याची चूक ४० टक्के धरली, तर त्याला ६ लाख मिळतात. त्याच्या वाट्याची चूक त्याच्याच रकमेतून वजा होते. क्लेम बुडत नाही, कमी होतो. गुन्हा त्याच्यावर आहे म्हणून सगळेच संपले, असेही नाही. फौजदारी खटल्यात आरोप निःसंशय सिद्ध करावा लागतो, तर न्यायाधिकरण कोणती गोष्ट जास्त संभवनीय आहे एवढेच पाहते.

काकूचे तसे नाही. तिच्या हातात ना हँडल होते ना ब्रेक. तिच्या दृष्टीने तिला इजा झाली ती दोन वेगळ्या माणसांच्या हयगयीमुळे, आणि त्यात तिचा वाटा शून्य. हे कंपोझिट निग्लिजन्स. इथे दोन्ही चुकणारे मिळून आणि वेगवेगळे, दोन्ही प्रकारे पूर्ण रकमेला जबाबदार असतात. तिचे नुकसान १० लाखांचे ठरले तर ती पूर्ण १० लाख एकट्या ट्रॅक्टरच्या मालकाकडून आणि त्याच्या विमा कंपनीकडून मागू शकते. पुतण्याचे ४० टक्के तिच्या रकमेतून कापता येत नाहीत. कंपनीला ते हवे असतील तर तिने ते नंतर मोटरसायकलच्या बाजूकडून वसूल करावेत. तो त्या दोघांतला हिशेब आहे. सर्वोच्च न्यायालयाने हा फरक २००८ साली टी. ओ. अँथनी प्रकरणात स्पष्ट केला आणि २०१५ च्या खेन्येई प्रकरणात पुन्हा पक्का केला.

खेड्यात या फरकाला फार वजन आहे. १ सप्टेंबर २०१८ पासून नव्या दुचाकीला पाच वर्षांचा थर्ड पार्टी विमा सक्तीचा झाला. पाच वर्षे सरली की तो भरायचा राहून जातो. आणि विमा चालू असला तरी नुसत्या थर्ड पार्टी पॉलिसीत मागे बसलेल्याची जोखीम येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली सांगितले आहे. म्हणजे "तुमचे ४० टक्के पुतण्याकडून घ्या" असे काकूला सांगणे म्हणजे बहुतेक वेळा ते पैसे सोडून द्या असेच सांगणे. रोजमजुरीने वेचणीला जाणाऱ्या बाईचा पाय मोडल्यावर ४ लाख सोडायला लावणे हा मला उघड अन्याय वाटतो.

ट्रिपल सीटचा मुद्दा हमखास काढला जातो. तिघे बसले म्हणजे नियम मोडला, त्याचा दंड होऊ शकतो. पण तिघे बसल्यामुळेच अपघात झाला किंवा इजा वाढली, हे दाखवल्याशिवाय मागच्या माणसाच्या माथी हयगय मारता येत नाही. २०२० च्या मोहम्मद सिद्दीकी निकालाने हे स्पष्ट केले.

दोन्ही क्लेममध्ये एक पुरावा मात्र सारखाच लागतो: ट्रॉली नेमकी कुठे आणि कशी उभी होती. घटनास्थळाचा पंचनामा अनेकदा सकाळी होतो आणि तोवर ट्रॉली हललेली असते. म्हणून त्याच रात्री कुणीतरी मोबाईलवर फोटो काढून ठेवावेत: ट्रॉलीची मागची फळी, दिव्याची रिकामी जागा, चाके डांबरावर होती की साइडपट्टीवर. पंचनाम्यात "रिफ्लेक्टर नव्हता" हे शब्द आले आहेत का, हे सहीआधी वाचून घ्यावे.

अर्जाची मुदत कायद्याने अपघातापासून सहा महिने ठेवली आहे. प्लास्टर निघायची वाट पाहत बसू नये. अर्ज आपण राहतो त्या भागातल्या न्यायाधिकरणातही करता येतो. गंभीर दुखापतीला कलम १६४ खाली दोष न पाहता अडीच लाख मिळतात, पण ते तडजोडीत स्वीकारले की मोठा क्लेम संपतो, म्हणून सही करण्याआधी वकिलाला विचारावे.

काकूच्या अर्जात शक्यतो दोन्ही गाड्यांचे मालक, चालक आणि विमा कंपन्या प्रतिवादी करावेत. मग टक्केवारी तिथेच ठरते आणि ट्रॅक्टरच्या विमा कंपनीने पूर्ण रक्कम भरली तर त्या कंपनीला वसुलीसाठी वेगळा दावा लावावा लागत नाही. लोकअदालतीत काकूपुढे ६ लाखांचा आकडा ठेवला गेला, तर वकिलाला एवढेच विचारायला सांगावे: हे वजा केलेले ४० टक्के कोणाच्या चुकीचे?