इथाकाचा राजा आणि त्याच्या बेटाचा शोध

‘ओडिसी’ या ग्रीक महाकाव्याचा नायक, राजा ओडिसियस याचे इथाका बेट नेमके कोणते, हा वाद काव्याचा कर्ता होमर याच्याच काही ओळींतून निघाला आहे. ‘ओडिसी’च्या नवव्या सर्गात ओडिसियस आपल्या बेटाचे वर्णन करतो : त्यावर नेरितोन पर्वत आहे, ते समुद्रात सखल आणि मावळतीकडे सर्वांत दूर आहे, तर दुलिखिओन, सामे, झाकिन्थोस ही शेजारची बेटे उगवतीच्या बाजूला आहेत. आजचे इथाकी बेट मात्र डोंगराळ असून केफालोनिया या मोठ्या बेटाच्या पूर्वेला आहे, आणि दुलिखिओन कोणते यावर एकमत नाही. या ओळींचा मेळ बसवण्याची कसरत प्राचीन ग्रीक भूगोलकार स्ट्रेबोपासून चालू आहे. ट्रॉयच्या उत्खननासाठी प्रसिद्ध असलेल्या हाइनरिख श्लीमानने १८६८ मध्ये इथाकीवरील एतोस डोंगरावर राजवाड्याचा शोध घेतला. पुढे त्याचाच सहकारी विल्हेल्म ड्योर्पफेल्ड याने जवळच्या लेफ्काडा बेटाचा पक्ष घेतला आणि २००५ मध्ये रॉबर्ट बिटलस्टोनने केफालोनियाचे पालिकी द्वीपकल्प पूर्वी वेगळे बेट असावे, असे मांडले.

यांतील बरीचशी खटपट भव्य राजवाडा सापडेल या आशेवर झाली. काव्यातला राजा मात्र तसा नाही. त्याच्या दाराशी खताचा उकिरडा आहे आणि त्यावर म्हातारा कुत्रा पडलेला आहे. बाप लाएर्तेस हयात असून मळ्यात राबतो. राजा ट्रॉयच्या युद्धाला गेल्यापासून वीस वर्षांत गावची सभा एकदाही भरलेली नाही. खुद्द त्याचा मुलगा तेलेमाखोस सांगतो की, इथाकात लहानथोर राजे पुष्कळ आहेत, त्यांपैकी कोणीही गादीवर बसावे, आपल्याला आपल्या घराची मालकी पुरे. राजाच्या गैरहजेरीत त्याची बायको पेनेलोपी हिला मागणी घालणाऱ्या १०८ जणांपैकी ५२ दुलिखिओनचे, २४ सामेचे, २० झाकिन्थोसचे आणि इथाकाचे अवघे १२. ट्रॉयच्या युद्धावरच्या ‘इलियड’ या होमरच्या दुसऱ्या महाकाव्यातही ओडिसियसची गलबते १२ आहेत, दुलिखिओनच्या मेगेसची ४०. थोडक्यात, हा राजा बरोबरीच्या मातब्बरांतला पहिला. आपले वजन त्याला सतत राखावे लागते.

यामागे इतिहास आहे. १९५२ मध्ये लिनियर बी ही प्राचीन ग्रीक राजवाड्यांतल्या नोंदींची लिपी उलगडली, तेव्हा मायसीनी काळात, म्हणजे त्या राजवाड्यांच्या काळात, सर्वोच्च राजा ‘वानाक्स’ होता आणि ‘बासिलेउस’ हा स्थानिक प्रमुख होता, असे दिसले. इ. स. पू. १२०० च्या सुमारास राजवाडे कोसळले, वानाक्सची सत्ता संपली आणि बासिलेउस उरला. काव्य आकाराला आले ते त्यानंतर काही शतकांनी, त्यामुळे त्यात जुन्या वैभवाची आठवण आणि कवीच्या काळातले सरदार एकत्र नांदतात. अशा काव्यावरून राजवाड्याचा पाया मोजू पाहणे मला धाडसाचे वाटते.

इथाकीवरील ‘पोलिस’ नावाच्या उपसागराच्या काठच्या गुहेत इ. स. पू. नवव्या-आठव्या शतकांतल्या काशाच्या तिवया सापडल्या. ‘ओडिसी’त त्याला घरी पोचवणाऱ्या फेआसियन लोकांनी दिलेल्या तिवया ओडिसियस गुहेत दडवतो, हा प्रसंग इथे आठवल्याशिवाय राहत नाही. त्याच गुहेतल्या हेलेनिस्टिक (अलेक्झांडरनंतरच्या) काळातील मातीच्या मुखवट्याच्या तुकड्यावर ओडिसियसला केलेल्या नवसाची अक्षरे आहेत. ट्रॉयच्या काळी येथे कोण राज्य करत होते, हे त्यावरून ठरत नाही. या बेटावर ओडिसियसची पूजा होत होती, एवढे मात्र ठरते.