मानवी जीनोम २००३ मध्ये पूर्ण वाचून झाला नव्हता
मानवी जीनोम (म्हणजे माणसाच्या डीएनएतील अक्षरांचा सगळा क्रम) २००३ मध्ये संपूर्ण वाचून झाला, हे विधान स्पर्धा परीक्षांच्या नोट्समध्ये आजही सर्रास आढळते. त्या एप्रिलमध्ये पूर्णत्वाची घोषणा झाली हे खरे, पण सुमारे ८ टक्के भाग तेव्हा वाचायचाच राहिला होता (घोषणेची घाई विज्ञानालाही चुकत नाही). मुख्य अडचण संगणकीय जुळणीची होती: यंत्रातून डीएनएचे काही शे अक्षरांचेच तुकडे मिळत, आणि गुणसूत्राच्या सेंट्रोमियरमध्ये (आवळलेल्या भागात) १७१ अक्षरांचा जवळजवळ तोच क्रम हजारो वेळा ओळीने येत असल्यामुळे कोणता तुकडा कुठे बसवायचा, हे सॉफ्टवेअरला ठरवताच येत नसे. लाखभर अक्षरे सलग वाचणारी यंत्रे आल्यावर टी-टू-टी (टेलोमियर-टू-टेलोमियर, म्हणजे गुणसूत्राच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत) या संशोधकांच्या गटाने २०२२ मध्ये ही पोकळी भरून काढली, तीही वाय गुणसूत्र वगळून. ते गुणसूत्र २०२३ मध्ये पूर्ण वाचून झाले.