रॅगटाइम

रॅगटाइम : एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेतील कृष्णवर्णीय वादकांनी घडवलेला, मुख्यतः पियानोवर वाजवला जाणारा संगीतप्रकार. डाव्या हाताने ठेका न ढळता धरायचा आणि उजव्या हाताने त्या ठेक्याच्या फटींत आघात टाकत चाल वाजवायची, ही त्याची ओळख. सुमारे १८९७ ते १९१७ ही वीस वर्षे त्याच्या भराची. ‘रॅग’ म्हणजे चिंधी. लयीची सरळ कड अशी फाटकी-तुटकी ऐकू येते म्हणून हे नाव पडले, असे सर्वसाधारणपणे मानतात. रॅगटाइमला जॅझचा पूर्वज म्हणण्याची पद्धत आहे. ते खोटे नाही, पण त्यामुळे एक गोष्ट झाकली जाते. जॅझचा वादक बसल्या बैठकीत नवे रचतो, तर अभिजात रॅग ही स्वर न् स्वर लिहून छापलेली रचना असते.

लयीचा खेळ टेबलावर दोन हातांनी करून पाहता येतो. आठ बारीक मात्रा सारख्या अंतराने मोजाव्यात. डावा हात १, ३, ५ आणि ७ वर पडतो : १ व ५ वर खर्जातला स्वर, ३ व ७ वर मधल्या पट्टीतली कॉर्ड, म्हणजे एकदम वाजवलेले तीन-चार स्वर. वरातीतला बँड मार्च वाजवू लागला की जो ‘धम्‌-चक्‌ धम्‌-चक्‌’ ऐकू येतो, तोच हा. आता उजव्या हाताने १, २, ४, ५, ७ वर ठोकावे. यातले २ आणि ४ डाव्या हाताच्या दोन ठोक्यांमधल्या पोकळीत सापडतात आणि तेवढ्यानेच सगळी चाल लचकू लागते. पुढच्या रचनाकारांनी आणखी एक खोडी काढली. ४ वरचा स्वर सोडायचाच नाही, तो ओढून ५ च्या पलीकडे न्यायचा. मग जिथे जोर यायचा तिथे उजवा हात नुसता धरून बसलेला असतो, कारण जोर एक पाऊल आधीच येऊन गेलेला असतो. आपल्या कानाला हे आडलयीचे काम वाटण्याचा संभव आहे, पण तसे नाही. लयीचा दर दोन्ही हातांत एकच राहतो, सरकते ती आघाताची जागा. आणि डाव्या हाताने ठेका सोडला तर उजव्याच्या खोडीला अर्थच उरत नाही.

रचनेचा साचा लष्करी बँडच्या मार्चकडून आलेला आहे. सोळा-सोळा मापांचे (वरच्या आठ मात्रांचे एक आवर्तन म्हणजे एक माप) तीन-चार स्वतंत्र भाग, बहुतेक प्रत्येक भाग दोनदा. पहिला, दुसरा, पुन्हा पहिला, मग तिसरा आणि चौथा, हा नेहमीचा क्रम. तिसऱ्या भागाला ‘ट्रिओ’ म्हणतात आणि तिथे सूर बदलतो : मूळ सुराच्या मध्यमाला सा मानून पुढचे वाजवले जाते. त्यामुळे कानाला एकदम सावलीत आल्यासारखे वाटते. काही रॅग तिथेच राहून संपतात, काही शेवटच्या भागात मूळ सुरावर परततात.

उगमाकडे गेले की तीन धागे हाती लागतात. एक मार्चचा, जो त्या काळच्या अमेरिकेत गावोगावी बँडांमुळे कानावर पडत होता. दुसरा बँजोचा. हे वाद्य आफ्रिकी वंशाचे, आणि त्याच्या तारा छेडताना येणारी तुटक लय पियानोवादकांनी बोटांत उतरवली. तिसरा केकवॉक या नाचाचा. मळ्यांवरचे गुलाम मालकांच्या ऐटदार चालीची नक्कल करत नाचायचे आणि उत्तम जोडीला बक्षीस म्हणून केक मिळायचा, अशी त्याची परंपरा सांगितली जाते. पुढे तोच नाच गोऱ्यांनी उचलला, म्हणजे नकलेचीच नक्कल झाली.

या इतिहासाला एक घाण बाजूही आहे. १८९० च्या दशकात कृष्णवर्णीयांची टर उडवणारी गाणी नाटकमंडळ्यांत धो-धो चालत होती, आणि रॅगची लय आधी त्यांच्याच पाठीवर बसून घरोघरी पोचली. अर्नेस्ट होगन हा स्वतः कृष्णवर्णीय कलावंत. त्याच्या १८९६ मधल्या अशाच एका गाण्याच्या छापील प्रतीत ‘रॅग’ पद्धतीच्या साथीचा वेगळा पर्याय दिलेला आढळतो.

१८९३ मध्ये शिकागोला जागतिक प्रदर्शन भरले, तेव्हा आसपासच्या पिठ्यांत आणि कॅफेंत देशभरातले फिरस्ते पियानोवादक गोळा झाले. त्यांची वाजवण्याची तऱ्हा तोवर कागदावर आलेली नव्हती. १८९७ च्या जानेवारीत विल्यम क्रेल या गोऱ्या बँडप्रमुखाची ‘मिसिसिपी रॅग’ छापली गेली, आणि त्याच वर्षाच्या अखेरीस सेंट लुइसच्या टॉम टर्पिनची ‘हार्लेम रॅग’. कृष्णवर्णीय रचनाकाराची ही पहिली छापील रॅग. टर्पिनचे सेंट लुइसमधले ‘रोझबड’ हे मद्यगृह पुढे पियानोवादकांचा अड्डाच झाले.

या प्रकाराला उंची दिली ती स्कॉट जॉप्लिनने (सु. १८६८–१९१७). वडील पूर्वी गुलाम होते, आई लोकांच्या घरी काम करायची. टेक्सारकाना गावात ज्युलियस वाइस या जर्मन शिक्षकाने त्याला युरोपीय संगीताचे धडे दिले. पुढे मिझुरी राज्यातल्या सेडेलिया या रेल्वेच्या गावात तो राहिला आणि तिथल्या ‘मेपल लीफ क्लब’मध्ये वाजवू लागला. जॉन स्टार्क या दुकानदाराशी त्याने १० ऑगस्ट १८९९ रोजी करार केला आणि ‘मेपल लीफ रॅग’ बाजारात आली. त्या काळी प्रकाशक किरकोळ रक्कम एकदा हातावर ठेवून रचना कायमची विकत घेत. जॉप्लिनने मात्र वकिलाच्या मदतीने प्रतीमागे एक सेंट असा हक्क लिहून घेतला. पहिल्या ४०० प्रती खपल्या तेव्हा त्याच्या वाट्याला अवघे चार डॉलर आले असतील. पण रचना वर्षानुवर्षे खपत राहिली आणि एक सेंटचे ते कलम त्याला थोडी का होईना, नियमित मिळकत देत राहिले. जेम्स स्कॉट आणि न्यू जर्सीचा जोसेफ लँब हे त्याच्या खालोखालचे रचनाकार. लँब गोरा होता, आणि त्याची रचना छापली जावी म्हणून जॉप्लिननेच स्टार्ककडे शब्द टाकला होता.

जॉप्लिनचा एक हट्ट त्याच्या छापील प्रतींवर वाचायला मिळतो : ही रचना जलद वाजवू नये, रॅगटाइम जलद वाजवणे कधीच योग्य नाही. १९०८ मध्ये त्याने सरावाची एक छोटी पुस्तिकाही काढली. हट्टाला कारण होते. पिठ्यांत वेगाच्या शर्यती लागत आणि वेग वाढला की फटींतले आघात एकमेकांत मिसळून नुसता गलका उरे. शिवाय हे संगीत बैठकीत बसून ऐकण्याच्या योग्यतेचे आहे, असे त्याला म्हणायचे होते. उलट बाजूला १९०१ मध्ये वादकांच्या राष्ट्रीय संघटनेनेच रॅगटाइमचा धिक्कार करणारा ठराव केला होता. आणि १९११ मध्ये ज्या गाण्याने ‘रॅगटाइम’ हा शब्द जगभर नेला, त्या अर्व्हिंग बर्लिनच्या गाण्यात खरी रॅग जवळजवळ नाहीच.

त्याच १९११ मध्ये जॉप्लिनने ‘ट्रीमोनिशा’ हा ऑपेरा पदरमोड करून छापला. शिक्षण घेतलेली एक कृष्णवर्णीय मुलगी आपल्या वस्तीला अंधश्रद्धेतून बाहेर काढते, असे त्याचे कथानक. १९१५ मध्ये न्यूयॉर्कच्या हार्लेम भागात नुसत्या पियानोच्या साथीवर तो एकदा सादर झाला आणि पडला. १ एप्रिल १९१७ रोजी न्यूयॉर्कच्या एका मनोरुग्णालयात जॉप्लिन वारला. त्याच वर्षी जॅझची पहिली तबकडी निघाली. युरोपात मात्र द्यबुसी आणि स्त्राविन्स्की यांनी ही लय आपल्या रचनांत घेतली, आणि अमेरिकेत जेम्स पी. जॉन्सनसारख्या वादकांनी डाव्या हाताची झेप वाढवून त्यातून ‘स्ट्राइड’ शैली काढली. त्या पिढीतला पियानोवादक टेडी वेदरफर्ड १९३० च्या दशकात मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात वाजवत होता. मुंबईच्या हॉटेलांतल्या गोव्याच्या वादकांच्या कानावर पडलेल्या जॅझचे मूळ शोधत मागे गेले, तर ते असे मिझुरीपर्यंत पोचते.

१९७० मध्ये जोशुआ रिफ्किनने जॉप्लिनच्या रॅग संथपणे वाजवून ध्वनिमुद्रित केल्या. १९७३ च्या ‘द स्टिंग’ चित्रपटात ‘द एंटरटेनर’ ही जॉप्लिनची १९०२ ची रचना वापरली गेली आणि ती घरोघरी पोचली. जॉप्लिनच्या कबरीवर नावाची पाटी लागायला १९७४ उजाडले.

जॉप्लिनने स्वतः एकही तबकडी भरली नाही. १९१६ मध्ये, आजार बळावलेला असताना, त्याने यांत्रिक पियानोसाठी भोके पाडलेल्या कागदाच्या काही गुंडाळ्या तेवढ्या वाजवून दिल्या. कोणते स्वर, कोणत्या क्रमाने, हे त्या भोकांवरून कळते. वेग मात्र कळत नाही. तो पियानोला बसवलेल्या दांडीवर, म्हणजे दांडी सरकवणाऱ्याच्या मर्जीवर असतो.