फ्रान्समध्ये आवाज जपायला कधी लागले?

फ्रान्समधल्या ध्वनिसंग्रहांची गोष्ट नटांपासूनच सुरू करावी लागते. १९०० सालच्या पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनात ‘फोनो-सिनेमा-थिएटर’ नावाचा खेळ होता. पडद्यावर चित्र हलायचं, आवाज ध्वनिमुद्रणाच्या सिलिंडरवरून यायचा आणि चित्र आवाजाबरोबर चालावं म्हणून प्रक्षेपकाचा दांडा हातानेच कमी-जास्त वेगाने फिरवावा लागे. कोक्लँ या नटाचा सिरानो, म्हणजे त्याच नावाच्या नाटकाचा नायक, तिथे बोलला. नटी सारा बर्नार हॅम्लेटच्या वेशात तलवार घेऊन पडद्यावर आल्या. हा सगळा धंदा होता, जतनाचा विचार त्यामागे नव्हता.

जतनाचा विचार आधी पॅरिसच्या ऑपेरागृहाच्या तळघरात शिरला, तोही जाहिरातीच्या वाटेने. १९०७ च्या डिसेंबरात ग्रामोफोन कंपनीच्या आल्फ्रेड क्लार्क यांनी निवडक गायकांच्या तबकड्या धातूच्या पेट्यांत बंद करून तिथे ठेवल्या. शंभर वर्षं उघडायच्या नाहीत, अशी अट! तबकड्यांमध्ये काचा घातल्या होत्या आणि वरून अॅस्बेस्टॉसचं कापड गुंडाळलं होतं. पुढे पेट्या उघडताना हेच कापड डोकेदुखी ठरलं, कारण तोवर अॅस्बेस्टॉस घातक असल्याचं कळलं होतं. १९१२ मध्ये आणखी पेट्या ठेवल्या, आणि या वेळी तबकड्यांबरोबर वाजवायचं यंत्रही. हे शहाणपण मोठंच म्हणायचं.

खरा संग्राहक मात्र फर्दिनां ब्र्युनो. पॅरिसच्या सोरबोन विद्यापीठात फ्रेंच भाषेचा इतिहास शिकवणाऱ्या या प्राध्यापकाने तबकड्या काढणाऱ्या पाते कंपनीच्या मदतीने १९११ मध्ये ‘आर्काइव्ह द ला पारोल’, म्हणजे बोलीचा संग्रह, सुरू केलं. व्हिएन्नात असा संग्रह १८९९ पासून होता. ब्र्युनोंच्या ध्वनिमुद्रण यंत्राच्या भोंग्यासमोर समाजशास्त्रज्ञ द्युर्केम बोलले, हेरगिरीच्या खोट्या आरोपात अडकवलेले लष्करी अधिकारी द्रेफ्यूस बोलले. १९१३ च्या नाताळच्या आदल्या दिवशी कवी आपोलिनेर यांनी आपल्या कविता म्हटल्या. संग्रहाचा विषय निघाला की हीच नावं पुढे येतात. माझ्या मते त्याहून मोलाचं काम १९१२ मध्ये आर्देन या भागात आणि १९१३ मध्ये बेरी आणि लिमुझँ या भागांत झालं. अवजड यंत्र घेऊन ब्र्युनो खेड्यांत गेले आणि तिथल्या माणसांची बोली, गाणी, गोष्टी तबकडीवर उतरवून आणल्या. बड्या माणसांचं बोलणं छापून तरी उरतं. खेडुतांच्या बोलीचं तसं नव्हतं. मग महायुद्ध आलं आणि फिरती थांबली.

सरकार सगळ्यांत शेवटी जागं झालं. पुस्तकाची प्रत जमा करण्याचा फ्रान्समधला नियम १५३७ चा, फ्रान्स्वा पहिला या राजाचा. तबकड्यांना तो १९२५ च्या कायद्याने लागू झाला खरा, पण तबकड्या घ्यायला संस्थाच नव्हती! ‘फोनोतेक नास्योनाल’, म्हणजे राष्ट्रीय ध्वनिसंग्रह संस्था, उभी राहायला १९३८ साल उजाडलं. तिचे प्रमुख रोजे देविन्य हे कवी. त्यांनीही दुसरं महायुद्ध चालू असताना खेडोपाडी जाऊन ध्वनिमुद्रणं केली. १९७० च्या दशकात हा ठेवा राष्ट्रीय ग्रंथालयाकडे गेला. ब्र्युनोंच्या अनेक तबकड्या आज त्याच ग्रंथालयाच्या ‘गॅलिका’ या संकेतस्थळावर ऐकता येतात.