आहतिला, एय्या-लीसा

आहतिला, एय्या-लीसा : (१९५९– ). फिनलंडच्या प्रायोगिक चित्रपटकार व दृश्यकलावंत. जन्म हॅमेनलिन्ना येथे. हेलसिंकी विद्यापीठात कायद्याचा अभ्यास केल्यावर त्यांनी लंडन व लॉस अँजेलिस येथे चित्रपटाचे शिक्षण घेतले. १९८०च्या दशकाच्या अखेरीस मारिया रुओत्साला यांच्यासह संकल्पनात्मक कलाकृती केल्या. वास्तव्य हेलसिंकीत.

१९९३ मधील ‘मी/वी’, ‘ओके’ व ‘ग्रे’ हे प्रत्येकी दीड मिनिटाचे लघुपट कलादालनांप्रमाणेच दूरचित्रवाणीवर, जाहिरातींच्या अधेमधेही दाखवले गेले. १९९९ च्या व्हेनिस द्वैवार्षिकी या कलाप्रदर्शनात दोन पडद्यांवरील कृतीत विभक्त होणाऱ्या जोडप्याची कथा होती. ‘तालो’ (घर, २००२) तीन पडद्यांवर चालते व मनोविकाराच्या तीव्र अवस्थेतून गेलेल्या स्त्रियांच्या मुलाखतींवर आधारलेली आहे. तिच्यातील एल्सा हिला दूरचे आवाज घरातच ऐकू येतात. दूरचित्रवाणीच्या पडद्यावरची गाय खोलीतून चालत जाते. शेवटी एल्सा काळे पडदे शिवून खिडक्या झाकते.

या कृतींना चित्रपट म्हणावे की मांडणशिल्प, याविषयी मतभेद आहेत. आहतिला एकच सामग्री चित्रपटगृहासाठी व दालनासाठी वेगवेगळी बांधत असल्याने दोन्ही पक्षांना आधार सापडतो. मात्र चित्रण बहुधा ३५ मिमी. फिल्मवर आणि नटांकडून, लिहिलेल्या संहितेनुसार होते, हे पाहता चित्रपटाची बाजू अधिक भक्कम वाटते. स्वतः आहतिला आरंभीच्या कृतींना ‘मानवी नाट्ये’ म्हणतात.

‘वाकासुओरा’ (आडवे, २०११) ही कृती तांत्रिक दृष्ट्या सर्वांत विचारप्रवर्तक म्हणावी लागेल. उंच स्प्रूस वृक्ष एका चौकटीत मावण्यासाठी कॅमेरा दूर न्यावा, तर वृक्ष उरत नाही, निसर्गदृश्य होते. जवळून रुंद भिंगाने टिपावा, तर आकार विकृत होतो. म्हणून वृक्षाचे भागांभागांनी चित्रण करून ते सहा प्रक्षेपणांत शेजारीशेजारी, आडवे मांडले आहेत. उभा वृक्ष दालनाच्या छताखाली मावला नसता. आडवा केल्याने त्याचे मूळ परिमाण शक्य तितके टिकते. वाऱ्याने फांद्या हलतात, पण सहा भागांची हालचाल तंतोतंत जुळत नाही. बुंध्याशी उभ्या माणसामुळे मोजमाप कळते.

या टप्प्यावर जीवशास्त्रज्ञ याकोब फॉन उक्सक्यूल यांच्या विचाराचा प्रभाव आहे: प्रत्येक जीव आपल्या इंद्रियांनी घडलेल्या स्वतंत्र जगात राहतो. काही समीक्षक येथून आहतिला यांच्या कलेचा पर्यावरणीय कालखंड सुरू झाल्याचे मानतात. ‘तालो’मधील गाय ध्यानात घेता हा बदल इतका अचानक म्हणता येत नाही, एकाच नजरेचे वर्चस्व मोडण्याचा प्रयत्न आधीपासूनच दिसतो. २०१४ च्या नाट्याच्या परिसंस्थेवरील कृतीत अभिनेत्री काती ओउतिनेन प्राण्यांच्या दृष्टिकोनातून नाट्य कसे घडेल, याचे विवेचन करते.

पुरस्कार : व्हिन्सेंट (२०००), आर्तेस मुंडी (२००६).